शस्त्रकायदा आणि शिक्षेचे माप

फौजदारी न्यायालयात न्यायाधीशाला दोन प्रश्नांची उत्तरे द्यावी लागतात. समोर उभ्या असलेल्या माणसाने अपराध केला आहे काय, हा पहिला. आणि केला असेल तर त्याला काय द्यावयाचे, हा दुसरा. लोकांचे सारे कुतूहल पहिल्या प्रश्नाभोवती घोटाळते. साक्षी, उलटतपासणी, पंचनाम्यातील विसंगती, वकिलांची झटापट या सर्वांचा रस तेथेच असतो. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर निकालपत्राच्या अखेरच्या पानावर चार ओळींत उरकलेले असते, आणि वृत्तपत्रे त्यातला आकडा तेवढा उचलतात. पण तुरुंगात जाणाऱ्या माणसाच्या दृष्टीने त्या चार ओळीच काय त्या खऱ्या! त्या ओळी कोणी लिहावयाच्या, न्यायाधीशाने की कायदा करणाऱ्याने, यावर आपल्या देशात गेली सव्वाशे-दीडशे वर्षे एक मूक झगडा चालू आहे. तो जितका स्पष्टपणे शस्त्रांच्या कायद्यात दिसतो तितका क्वचितच दुसऱ्या कायद्यात दिसेल.

या इतिहासाचा आरंभ १८७८ सालच्या ११ व्या कायद्यापासून करणे योग्य होईल. लॉर्ड लिटनच्या कारकिर्दीतला हा हिंदी शस्त्रकायदा. देशी वृत्तपत्रांची मुस्कटदाबी करणारा कायदाही त्याच वर्षाचा, आणि ही जुळी भावंडे एकाच भीतीपोटी जन्मली होती. बिनपरवाना शस्त्र बाळगणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही, आणि ते लपवून बाळगले असेल तर सात वर्षांपर्यंत कैद, अशी त्यातील शिक्षांची मोजणी होती. आकडे पाहता कायदा फारसा क्रूर म्हणता येणार नाही. त्याचा डंख आकड्यांत नव्हताच. नियमांनी युरोपियनांना परवान्यातून सूट दिली होती. नेटिवाला मात्र वडिलोपार्जित तलवारीसाठीही सरकारचे दार ठोठवावे लागे. १८८७ च्या मद्रासच्या काँग्रेसने या कायद्याविरुद्ध ठराव केला तो या अपमानापायी. पुढे गांधीजींनीही ब्रिटिश राज्याच्या काळ्या कृत्यांत याची गणना केली. अहिंसेच्या उपासकाने शस्त्रबंदीचा निषेध करावा याचे ज्यांना नवल वाटते, त्यांना त्या अपमानाची जात कळलेली नसते. कायदा होऊन वर्ष लोटते न लोटते तोच वासुदेव बळवंत फडक्यांचे बंड झाले, हेही येथे आठवल्याशिवाय राहत नाही. कागदाच्या बळावर हात रिकामे होतात, मने होत नाहीत.

परंतु या कायद्याचे २९ वे कलम माझ्या मते सर्वांत विलक्षण होते. बिनपरवाना शस्त्र बाळगल्याबद्दल खटला भरावयाचा तर जिल्हा मॅजिस्ट्रेटची पूर्वमंजुरी हवी, असे ते सांगे. मात्र हे संरक्षण सर्वांना नव्हते. १८५७ च्या उठावानंतर सरकारने जो मुलूख सरसकट निःशस्त्र करून टाकला होता, म्हणजे मुख्यतः गंगा-यमुनांच्या उत्तरेचा प्रदेश, तेथे मंजुरीची गरज नव्हती. पोलिसांनी पकडावे आणि थेट कोर्टापुढे उभे करावे! नदीच्या एका अंगाला पिस्तूल सापडलेला माणूस साहेबाच्या सहीची वाट पाही. दुसऱ्या अंगाला तेच पिस्तूल सापडलेल्या माणसाला ती सवड नव्हती. बंड करणारी पिढी मेली, तिची नातवंडे म्हातारी झाली, राज्य बदलले, राज्यघटना आली. तरी कायद्याच्या पुस्तकात गंगा-यमुना तशाच सरहद्दीसारख्या वाहत राहिल्या.

हा भेद अखेर सर्वोच्च न्यायालयापुढे गेला. दिल्लीत बिनपरवाना पिस्तूल बाळगल्याबद्दल शिक्षा झालेल्या एका आरोपीने विचारले, की माझ्यावरील खटल्याला मंजुरी नव्हती, आणि दुसऱ्या मुलखात ती लागते. मग कायद्यापुढे समानता राहिली कोठे? १९६२ साली न्यायालयाने त्याचे म्हणणे तत्त्वतः मान्य केले. १८७८ मध्ये त्या भेदाला काही कारण असेल. आज ते उरलेले नाही. सबब हे कलम घटनेच्या १४ व्या अनुच्छेदाशी विसंगत म्हणून शून्य. पण पुढचे वळण पाहा. भेद काढून उरलेला भाग ठेवला असता, तर मंजुरीची अट साऱ्या देशाला लागू झाली असती, आणि तसा तर मूळ कायदेकर्त्यांचा हेतू नव्हता. म्हणून कलम समूळच गेले. मंजुरीची अट कोठेच उरली नाही, आणि आरोपीची शिक्षा कायम राहिली. वाद जिंकून खटला हरण्याचे असे उदाहरण विरळाच. एव्हाना संसदेने १९५९ चा नवा शस्त्रकायदा केलेला होता. १ ऑक्टोबर १९६२ पासून तो अमलात आला. त्याच्या ३९ व्या कलमाने परवान्याविषयीच्या अपराधांसाठी जिल्हा मॅजिस्ट्रेटची मंजुरी देशभर एकसारखी आवश्यक केली. आपल्यापैकी ज्यांनी जिल्ह्याचा कारभार पाहिला आहे, त्यांच्या मेजावर या कलमाखालील फायली येऊन गेल्या असतील. ती सही म्हणजे नुसता उपचार नव्हे, हे ध्यानी यावे म्हणून हा जुना वृत्तान्त थोडा लांबवून सांगितला.

१९५९ चा कायदा स्वतंत्र देशाचा, स्वतःच्या नागरिकांवर विश्वास ठेवू पाहणारा होता. लाठ्याकाठ्या व घरगुती हत्यारे यांवरून परकी राजवटीत जो छळ होई, त्याला त्याने बराच आळा घातला. शिखांचे कृपाण, कोडगूच्या लोकांच्या बंदुका अशा जुन्या सवलतीही नव्या व्यवस्थेत नांदत राहिल्या. (कोडव समाजाची सूट २०१९ मध्ये पुन्हा दहा वर्षांनी वाढविण्यात आली.) शिक्षेच्या बाबतीतही या कायद्याने न्यायाधीशाचे हात मोकळे ठेवले होते. बिनपरवाना शस्त्र बाळगल्यास तीन वर्षांपर्यंत, बेकायदा उपयोगाच्या हेतूने बाळगल्यास सात वर्षांपर्यंत. हे ‘पर्यंत’ महत्त्वाचे. वरची मर्यादा संसदेने आखावयाची, आणि तिच्या आत, समोरचा माणूस दरोडेखोर आहे की रानडुकरांपासून ऊस राखणारा कुणबी, हे पाहून न्यायाधीशाने आकडा लिहावयाचा, अशी ती कामाची वाटणी होती.

ही वाटणी १९८० च्या दशकात मोडली. पंजाब पेटला होता, सरहद्दीपलीकडून स्वयंचलित रायफली येत होत्या, आणि रोजचे वर्तमानपत्र उघडणे हे एक दिव्य होऊन बसले होते. १९८३, १९८५ आणि १९८८ अशा लागोपाठ तीन दुरुस्त्या झाल्या. शिक्षेची कमाल वाढली. पण त्याहून मोठा बदल असा की, आता किमानही आली. साधे बिनपरवाना शस्त्र असेल तरी एक वर्षाच्या खाली जाता येणार नाही. फार तर पुरेशी व खास कारणे लेखी नमूद करून न्यायाधीशाने खाली यावे. निषिद्ध शस्त्र, म्हणजे लष्करी किंवा स्वयंचलित जातीचे, असेल तर पाच वर्षांच्या खाली नाही. आणि १९८८ च्या दुरुस्तीने २७ व्या कलमाला जोडलेल्या तिसऱ्या पोटकलमाने तर कळस गाठला. निषिद्ध शस्त्र वा दारूगोळा यांचा जो वापर करील, किंवा ७ व्या कलमाचा भंग करणारे कोणतेही कृत्य जो करील, आणि त्या वापराने वा कृत्याने दुसऱ्या कोणाचा मृत्यू घडेल, त्याला शिक्षा एकच: देहान्त. दुसरा पर्याय नाही.

या पोटकलमाची व्याप्ती जरा शांतपणे पाहावी. त्यात ‘हेतू’ हा शब्द नाही. ‘जाणीव’ हा शब्द नाही. भारतीय दंडसंहितेत खून करणाऱ्यालाही फाशी किंवा जन्मठेप असे दोन मार्ग होते. सदोष मनुष्यवधाला त्याहून सौम्य, निष्काळजीपणाने घडलेल्या मृत्यूला त्याहूनही सौम्य शिक्षा होती. माणसाच्या मनाचा थांग घेत घेत ती पायरीपायरीने उतरत जाई. येथे सर्व पायऱ्या काढून टाकलेल्या. समजा, दोघे जण चोरट्या मार्गाने निषिद्ध दारूगोळा वाहून नेत आहेत, आणि वाटेत स्फोट होऊन त्यांतला एक मरण पावला. वाचलेल्याने त्याला मारण्याचे स्वप्नही पाहिले नसेल. कदाचित तो त्याचा सख्खा भाऊ असेल. पोटकलमाच्या अक्षराप्रमाणे फाशी! न्यायाधीशाने करावयाचे उरले काय? मेलेला माणूस खरोखर मेला आहे ना, आणि शस्त्र निषिद्ध यादीतले आहे ना, एवढे पाहिले की त्याचे काम संपले.

आता गंमत अशी, की हे पोटकलम जेव्हा संसदेने संमत केले, त्याच्या पाच वर्षे आधीच असल्या विधानाला न्यायालयाने मूठमाती दिलेली होती. ती कथा एका मराठी न्यायाधीशाशी निगडित आहे, म्हणून ती थोडी विस्ताराने सांगतो. दंडसंहितेच्या ३०३ व्या कलमाप्रमाणे, जन्मठेप भोगत असलेल्याने खून केला तर त्याला फाशीच द्यावी असा १८६० पासूनचा नियम होता. तुरुंगातील अंमलदारांवर जन्मठेपीच्या कैद्यांनी हल्ले करू नयेत, या हेतूने तो आला असावा. पण शब्द हेतूच्या कितीतरी पुढे धावले होते. रजेवर घरी आलेल्या कैद्याच्या हातून भांडणाच्या भरात खून झाला तरी तोच नियम. ७ एप्रिल १९८३ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने हे कलम रद्द केले. मुख्य निकालपत्र सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांचे. न्या. तुळजापूरकरही त्या पीठावर होते.

चंद्रचूड मूळ पुण्याचे. त्यांचे नाव निघाले की आणीबाणीतील १९७६ चा तो निकाल कोणी ना कोणी काढतोच. नागरिकाचे स्वातंत्र्य राज्यकर्त्यांच्या स्वाधीन करणाऱ्या बहुमतात ते होते, हे खरेच आहे, आणि तो निकाल २०१७ साली ज्या पीठाने रद्दबातल ठरविला त्यावर त्यांचेच चिरंजीव धनंजय चंद्रचूड होते, हाही इतिहासाचा एक खेळ. पण माणसाची सारी न्यायबुद्धी एकाच निकालावरून तोलू नये. १९८० साली देहान्त शिक्षा घटनेला धरून आहे असे ठरविणाऱ्या बहुमतातही तेच होते. ती ‘दुर्मिळातील दुर्मिळ’ प्रकरणीच द्यावी, आणि देताना गुन्ह्याइतकेच गुन्हेगाराकडेही पाहावे, ही कसोटी त्याच निकालाने घालून दिली. म्हणजे १९८३ मध्ये बोलणारा न्यायाधीश फाशीचा शत्रू नव्हता. त्यांचा आक्षेप फाशीला नव्हता. ती न पाहता, न ऐकता द्यावी लागण्याला होता. चोरी करणाऱ्याचे हात तोडावेत असा कायदा संसदेने केला तर तो २१ व्या अनुच्छेदापुढे टिकेल काय, असा त्यांचा रोखठोक सवाल होता. शिक्षेची पद्धतही न्याय्य, योग्य आणि वाजवी असली पाहिजे, आणि ती तशी आहे की नाही याचा शेवटचा शब्द न्यायालयाचा. १९७३ च्या प्रक्रिया संहितेने आरोपी दोषी ठरल्यानंतर शिक्षेविषयी त्याचे म्हणणे स्वतंत्रपणे ऐकून घेण्याचे बंधन घातले होते. ते म्हणणे न ऐकता दिलेली देहान्त शिक्षा न्या. भगवती यांच्या पीठाने १९७६ मध्ये रद्द करून खटला शिक्षेपुरता पुन्हा सत्र न्यायालयाकडे धाडला होता. मग शिक्षा जर एकच असेल, तर ऐकावयाचे कशाला? कान उघडे ठेवून हात बांधून ठेवण्यासारखेच ते!

एवढे स्पष्ट निरूपण पुढे असता पाच वर्षांत संसदेने तोच प्रकार शस्त्रकायद्यात आणावा, याचा अर्थ काय लावावयाचा? अज्ञान म्हणावे तर विधी मंत्रालयात निकालपत्रे वाचणारे लोक बसलेले असतात. मला वाटते, भीतीच्या दिवसांत कायदा हा निकालपत्रे वाचून होत नाही, तो मथळे वाचून होतो. लिटनच्या काळाची आणि या काळाची तुलना करणे अनेकांना रुचणार नाही. एक परकी सत्ता, दुसरी लोकांनी निवडलेली. परंतु कायद्याच्या मसुद्यात भीती शिरली की तिची भाषा दोन्हीकडे सारखीच होते.

हे पोटकलम चोवीस वर्षे पुस्तकात राहिले. १ फेब्रुवारी २०१२ रोजी न्या. ए. के. गांगुली आणि न्या. जे. एस. खेहर यांनी ते घटनेच्या १४ व्या व २१ व्या अनुच्छेदांशी विसंगत म्हणून रद्द केले. प्रकरण पंजाबातले. केंद्रीय राखीव पोलीस दलातील एका जवानावर आपल्याच दलातील माणसांना रायफलीने ठार केल्याचा आरोप होता. सत्र न्यायालयाने त्याला दोषी ठरविले, उच्च न्यायालयाने पुराव्याच्या उणिवांमुळे सोडले, आणि राज्य सरकार अपिलात गेले. अपिलाच्या ओघात हे पोटकलम पुढे आले. न्यायालयाने ते तपासले, १९८३ च्या निकालाशी ताडून पाहिले, आणि त्याच मापाने ते बाद ठरविले. संविधानानंतर झालेला कायदा मूलभूत हक्कांशी विसंगत असेल तर तो जन्मतःच निष्प्राण, हे १३ व्या अनुच्छेदाचे तत्त्व त्याला लावले. अपील मात्र फेटाळले गेले; जवानाची सुटका कायम राहिली. दिल्लीच्या त्या १९६२ च्या खटल्याची येथे आठवण होते. तेथे कलम गेले आणि आरोपीची शिक्षा राहिली. येथे पोटकलम गेले, आणि ज्याच्या प्रकरणात ते गेले त्याला कोणतीच शिक्षा उरली नव्हती. याच्या आदल्या वर्षी, २०११ मध्ये, मुंबई उच्च न्यायालयाने अमली पदार्थांच्या कायद्यातील सक्तीच्या देहान्ताचे कलमही असेच सैल केले होते. रद्द न करता, फाशी ‘द्यावी’ याचा अर्थ ‘देता येईल’ असा लावून. एकाच रोगावर दोन वैद्यांनी केलेले हे दोन उपचार. मला स्वतःला गांगुलींचा उपचार अधिक प्रामाणिक वाटतो. कायद्याने जे लिहिले ते लिहिलेच नाही असे भासविण्यापेक्षा ते चुकीचे आहे असे सांगणे बरे.

येथवर न्यायालयाची बाजू उजळ दिसते. पण किमान शिक्षेच्या प्रश्नात ती तशी राहत नाही. २०१२ चा निकाल एकमेव शिक्षेविषयी होता. खालची मर्यादा आखण्याच्या संसदेच्या अधिकाराला त्याने स्पर्श केला नाही. त्याचा प्रत्यय पुढच्याच वर्षी आला. १९९३ च्या मुंबई स्फोटांच्या खटल्यात अभिनेता संजय दत्त याला दहशतवादविरोधी ‘टाडा’ कायद्याखालील आरोपांतून निर्दोष ठरवून, केवळ शस्त्रकायद्याखाली, निषिद्ध जातीची रायफल बाळगल्याबद्दल विशेष न्यायालयाने २००७ मध्ये सहा वर्षांची सक्तमजुरी दिली होती. २१ मार्च २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती पाच वर्षांवर आणली. लोकांनी एका बाजूने दया म्हटले, दुसऱ्या बाजूने कठोरपणा. वस्तुतः पाच हा आकडा न्यायालयाने शोधून काढलेला नव्हता. तो १९८८ च्या दुरुस्तीचा तळ होता. सहाव्या वर्षाचा विचार न्यायमूर्तींच्या हाती होता, पहिल्या पाचांचा नव्हता. चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर सोडण्याची विनंतीही, गुन्ह्याचे गांभीर्य पाहून, नाकारण्यात आली.

याच खटल्याने त्यापूर्वी, १९९४ मध्ये, एक मोलाचा निकाल दिला होता. टाडाच्या ५ व्या कलमाप्रमाणे अधिसूचित क्षेत्रात ठरावीक शस्त्रे अनधिकृतपणे जवळ बाळगली, एवढ्यावरच किमान पाच वर्षे व कमाल जन्मठेप होती. पुन्हा तेच: अपराध शस्त्रावर नव्हे, जागेवर ठरावयाचा! गंगा-यमुनांच्या जागी सरकारी राजपत्रातील क्षेत्रांची यादी आली, एवढाच फरक. घटनापीठाने कलम राखले. परंतु शस्त्राचा दहशतवादाशी काही संबंध नव्हता हे सिद्ध करण्याची मुभा आरोपीला आहे, असा अर्थ त्यात वाचला. ही फट लहान होती, सिद्ध करण्याचा भार आरोपीच्याच शिरावर होता. तरी तिच्यातून माणूस पुन्हा न्यायाधीशाला दिसू लागला. १९९५ मध्ये टाडाची मुदत संपली आणि तो कायदा गेला.

किमान शिक्षेच्या बाजूने काहीच बोलता येत नाही असे नव्हे. एकाच प्रकारच्या अपराधाला एका जिल्ह्यात आठवडाभराची कैद आणि शेजारच्या जिल्ह्यात अडीच वर्षे, ही विषमता न्यायालयीन विवेकाचीच अपत्य आहे, आणि ती नाकारण्यात अर्थ नाही. गावठी कट्ट्यांच्या सुळसुळाटाने ज्या जिल्ह्यांतील निवडणुका व लग्ने दोन्ही रक्ताळली, तेथे काम केलेला अधिकारी सौम्यतेची बाजू सहजासहजी घेणार नाही. पण विषमतेवर उपाय म्हणून अपील आहे, वरिष्ठ न्यायालयाची फेरतपासणी आहे. तळच जर कायद्याने पक्का बांधला, तर वरच्या न्यायालयाला खाली येण्याची वाटच राहत नाही, आणि सगळी सौम्यता मग खटला भरण्यापूर्वीच्या टप्प्यावर जाऊन बसते: कोणावर कोणते कलम लावावयाचे, शस्त्राची जात कोणती दाखवावयाची, हे ठरविणाऱ्या ठाण्यात. तेथे ना वकील असतो, ना लेखी कारणे.

१४ डिसेंबर २०१९ पासून अमलात आलेल्या दुरुस्तीने हा तळ आणखी उंच केला. साध्या बिनपरवाना शस्त्राला एकाऐवजी दोन वर्षे, कमाल तीनऐवजी पाच; निषिद्ध शस्त्राला पाचाऐवजी सात, कमाल दहाऐवजी चौदा. वरातीत किंवा सभेत हर्षाने झाडलेल्या गोळीबद्दल नवा अपराध आला. त्याला मात्र कमालच आहे, दोन वर्षे किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. १ जुलै २०२४ पासून दंडसंहितेची जागा घेतलेल्या भारतीय न्याय संहितेत ३०३ व्या कलमाचा वारस १०४ व्या कलमाच्या रूपाने परतला आहे, परंतु या वेळी फाशीबरोबर मरेपर्यंतच्या जन्मठेपेचा पर्याय घेऊन. चंद्रचूडांच्या निकालाचा तेवढा परिणाम कायम राहिला. आणि साध्या बिनपरवाना शस्त्राच्या बाबतीत, पुरेशी व खास कारणे लिहून किमान शिक्षेच्या खाली येण्याचे ते जुने परंतुक २०१९ नंतरही शस्त्रकायद्यात शिल्लक आहे. निषिद्ध शस्त्रासाठी ते पूर्वी नव्हते.